हँडेलचा हीरो बाईने गावा की काउंटरटेनरने? (आणि हे करिअर आहे की हौस?)

कार्ल्सरूहकर (धागाकर्ता)

आधीच सांगतो, काडी टाकायलाच धागा काढलाय, त्यामुळे "तुम्हाला संगीत कळत नाही" हे वाक्य जपून ठेवा, शेवटी वापरा.

तर विषय काउंटरटेनर. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: वयात आलेला, नीट आवाज फुटलेला पुरुष, फोनवर बोलला तर तुमच्या-माझ्यासारखाच, पण गातो फॉल्समध्ये (नेहमीच्या आवाजाच्या वरचा, पातळ आवाज), बायकांच्या आल्टो (बायकांचा खालचा आवाज) नाहीतर मेझोच्या (मधला आवाज) पट्टीत. बरोक (सतराव्या-अठराव्या शतकातल्या) ऑपेरातले राजे, सेनापती, प्रेमवीर हे सगळे रोल उंच आवाजासाठी लिहिलेत कारण तेव्हाचे सुपरस्टार होते कास्त्राती, म्हणजे लहानपणीच खच्ची केलेले गायक. ती प्रथा गेली, बरं झालं गेली, पण मग ते रोल गायचे कोणी? आजकाल सगळे गृहीतच धरतात की काउंटरटेनरने.

माझं म्हणणं असं की याला इतिहासाचा आधार नाही. हँडेलकडे (अठराव्या शतकात लंडनला ऑपेरे करणारा संगीतकार) कास्त्रातो नसला की तो फॉल्सवाल्या पुरुषाला बोलवायचा नाही, सरळ बाईला उभी करायचा. 'रादामिस्तो' १७२० च्या एप्रिलमध्ये लंडनला आला तेव्हा राजपुत्र रादामिस्तो कोण होता? मार्गेरिता दुरास्तांती. डिसेंबरात सेनेसिनो इटलीहून येऊन दाखल झाला तेव्हा कुठे तो रोल कास्त्रातोकडे गेला. १७२४ च्या 'जुलिओ चेझारे'त सीझर सेनेसिनो, पण बापाच्या खुनाचा सूड घ्यायला निघालेला पोरगा सेस्तो परत दुरास्तांतीबाईच. म्हणजे सेस्तो हा पहिल्या दिवसापासून बाईचा रोल आहे हो, कास्त्रातोचाही नाही. मग २०१२ ला साल्झबुर्गला तो फिलिप जारूस्की या काउंटरटेनरला कशासाठी दिला? गायला सुंदर, वादच नाही, पण एका मेझोच्या ताटातलं उचललं की नाही?

आमच्या गावी कार्ल्सरूहला दर फेब्रुवारी-मार्चमध्ये हँडेल महोत्सव असतो. २०१९ ला इथे 'सेर्से' झाला, फ्रांको फाजोली नायक, दिग्दर्शक मॅक्स इमॅन्युएल चेंचिच, तोही काउंटरटेनरच, आणि पर्शियाच्या राजाला त्याने लास वेगासमधला चमचमत्या कपड्यांतला पियानोवाला स्टार केलं होतं. धमाल होती, नाही म्हणत नाही. पण एक फाजोली बघून दहा पोरं आवाज वर चढवायला बसतात आणि त्यातल्या नऊ जणांचा आवाज खालच्या सुरांवर गायब होतो, ऑर्केस्ट्रा दिसतो, ओठ हलताना दिसतात, बाकी शांतता. यावर घर चालतं का, हा माझा दुसरा प्रश्न.

जुनीतबकडी

इतिहास काढलाच आहात तर अर्धाच का काढता?

१७५४ नंतर हँडेलचे ऑपेरा रंगमंचावर जवळपास आलेच नाहीत ते थेट १९२० पर्यंत, तेव्हा जर्मनीत गॉटिंगेनला ओस्कार हागेनने 'रोडेलिंडा' केला. आणि त्या काळात कास्त्रातोचे रोल कोणाला दिले? बाईला नाही, काउंटरटेनरलाही नाही, एक सप्तक खाली आणून बॅरिटोनला, म्हणजे पुरुषांच्या मधल्या, भरदार आवाजाला. न्यूयॉर्क सिटी ऑपेराने १९६६ ला सीझर केला त्यात नॉर्मन ट्रीगल, चक्क बास-बॅरिटोन. लोकांनी टाळ्याच वाजवल्या. १९७९ ला लंडनला जॅनेट बेकर सीझर झाली तेव्हा लोकांना वाटलं हेच खरं. प्रत्येक पिढीला आपलीच सोय अस्सल वाटते, तुमच्या पिढीला मेझो वाटते एवढंच.

कास्त्रातो आवाज कसा होता ते आपल्याला कळण्याचा एकच धागा म्हणजे अलेस्सांद्रो मोरेस्कीच्या १९०२ आणि १९०४ च्या तबकड्या, आणि त्या व्हॅटिकनच्या चर्च गायकाच्या, ऑपेराच्या नाहीत. मोठ्या माणसाची फुफ्फुसं आणि पोराचं स्वरयंत्र, हे कॉम्बिनेशन ना बाईकडे आहे ना काउंटरटेनरकडे. त्यामुळे दोघेही बदली खेळाडूच. मग बदलीत एकालाच शिव्या का?

चहाबिस्कुट

आपल्याकडे बालगंधर्व होऊन गेले, त्यांना कोणी विचारलं नाही रोल बाईचा आहे की पुरुषाचा. पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

पार्लेकर

@चहाबिस्कुट बालगंधर्व येणार हे माहीतच होतं, दुसऱ्याच प्रतिसादात आले. अहो ते उलटं आहे. तिथे पुरुष भामिनी, सिंधू करायचे. इथे पुरुषच पुरुषाचा रोल करतोय, सीझर, सेर्से, ओर्लांदो, फक्त आवाज उंच आहे. अठराव्या शतकात उंच आवाज म्हणजे वीराचा आवाज, देवाचा आवाज, त्यात बायकीपणा कोणाला दिसत नव्हता, जाड आवाज म्हातारा बाप नाहीतर खलनायक.

हां, पण रोमला मात्र तुमचं उदाहरण बसतं. तिथे बायकांना रंगमंचावर बंदी, त्यामुळे नायिकाही पुरुषच. लेओनार्दो विंचीचा 'आर्तासेर्से' (चित्रकार तो वेगळा, हा विंची नेपल्सचा) १७३० ला रोममध्ये झाला तो असाच. आणि २०१२ ला फ्रान्समध्ये नान्सीला तो परत केला तेव्हा पाच काउंटरटेनर एकत्र आणले. जारूस्की राजा, फाजोली अर्बाचे, चेंचिच आणि व्हालेर सबादुस दोघं बायकांच्या वेशात, युरी मिनेन्को मेगाबिझे. एक बिचारा टेनर (पुरुषांचा नेहमीचा उंच आवाज) होता हुआन सांचो नावाचा.

कार्ल्सरूहकर, तुम्ही म्हणता खालचे सूर गायब होतात. त्या 'आर्तासेर्से'तला पहिल्या अंकाच्या शेवटचा फाजोलीचा 'वो सोल्कांदो' बघा. समुद्रात वादळ, शीड नाही, दोर नाही, असं काहीतरी म्हणणं आहे, आणि हा माणूस खाली छातीच्या आवाजात जवळपास टेनरसारखा उतरतो, तिथून तानेतच वर जातो, मध्ये सांधा दिसत नाही. जबडा थरथरतोय, भुवया कपाळावर गेल्यात, दिसायला भयंकर, ऐकायला अशक्य. हे मुळात कारेस्तीनी या कास्त्रातोसाठी लिहिलेलं. हे गाणारा माणूस असताना तुम्ही मला दुरास्तांती सांगताय.

मेझो_मी

मी याच आवाजाची, वेस्टर्न शिकलेय आणि ऑडिशनच्या रांगेत उभी राहिलेय, म्हणून लिहिते, आणि धागाकर्त्यांशी पंचाहत्तर टक्के सहमत.

"मेझोला कार्मेन आहे, रोझिना आहे (हे मेझोचे गाजलेले रोल), मग हँडेलसाठी रडता कशाला" असं कोणीतरी म्हणेलच, म्हणून आधीच उत्तर देते. हँडेलचा आवाज आणि कार्मेनचा आवाज एकाच गळ्यात असतोच असं नाही. भराभर ताना घेणारा हलका, लवचिक मेझो असतो, त्याला कार्मेन दिली तर तो दोन सीझनमध्ये फाटतो. अशा आवाजाचं घर म्हणजे मोझार्टचा केरुबिनो, थोडा रॉसिनी आणि हँडेल. त्यातला हँडेल काढून घेतला तर उरलं काय?

आणि अभिनयाचं म्हणाल तर इंग्लंडमधल्या ग्लाइंडबोर्न महोत्सवाचा २००५ चा 'चेझारे' बघा, डेव्हिड मॅकविकरने केलेला, ब्रिटिश साम्राज्याच्या काळातले युनिफॉर्म आणि क्लिओपात्राच्या गाण्यांना बॉलीवूड स्टाइल नाच (हो, खरंच). सीझर सारा कॉनोली. 'वा तासितो' या गाण्यात सीझर आणि तोलोमेओ एकमेकांभोवती अदबीने पावलं टाकत, वाकून सलाम करत फिरतात, दोघांच्याही मनात समोरच्याचा खून, आणि खाली एकटा हॉर्न शिकाऱ्यासारखा मागे मागे. बाई आहे हे दोन मिनिटांत विसरायला होतं. गंमत म्हणजे समोरचा तोलोमेओ काउंटरटेनर, क्रिस्तोफ द्युमो. दुष्ट, लाडावलेला, विकृत राजपुत्र काउंटरटेनरला आणि सेनापती बाईला, हे कास्टिंग मला आजही सगळ्यात पटतं.

जुनीतबकडी

म्हणजे व्हिलन असेल तर काउंटरटेनर चालेल. वा.

मेझो_मी

चालेल नाही, शोभेल म्हटलं 😄

लंडन_आल्टो

बराच वेळ वाचत होतो. मी पुण्याचा, इथे लंडनला शिकायला आलो आणि चर्चच्या क्वायरमध्ये आल्टो गायला लागलो तो अजून गातोय, बाकी दिवसभर ऑफिस. म्हणजे करिअर केलं नाही, पण करणारे रोज बघतो. त्यामुळे दुसऱ्या प्रश्नाबद्दल थोडं सविस्तर.

आधी आवाजाचं. फॉल्समध्ये स्वरतंतू पूर्ण जाडीने हलत नाहीत, फक्त कडा थरथरतात, त्यामुळे नैसर्गिकपणे आवाज हवेशीर आणि पातळ. आपल्याकडे तार सप्तकात फॉल्स लावला की गुरुजी डोळे वटारतात, तेच इथे मुद्दाम दहा वर्षं घासून घासून भरीव करतात. मधली दोन-चार सुरांची जागा, जिथे छातीचा आवाज संपतो आणि वरचा सुरू होतो, तिथे सगळी मारामारी. धागाकर्त्यांना ऐकू न येणारे सूर नेमके तिथले. त्यात हॉल. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराला (मेट) ३८०० च्या आसपास खुर्च्या आहेत, जर्मनीतल्या बायरॉइटच्या जुन्या मार्कग्राफ थिएटरात जेमतेम पाचशे. ऑर्केस्ट्रा आतड्याच्या तारांचा, सूर ४१५ हर्ट्झला लावलेला म्हणजे आजच्यापेक्षा अर्धा स्वर खाली, आणि हॉल पाचशेचा, मग तोच गळा भरून वाजतो. आवाज लहान नसतो, जागा चुकीची असते बऱ्याचदा.

आता पैसे. जर्मनीत गायकाची सगळ्यात सुरक्षित जागा म्हणजे फेस्ट कॉन्ट्रॅक्ट, थिएटरच्या एन्सेम्बलमध्ये महिन्याच्या पगारावर. पण थिएटरला असा माणूस हवा असतो जो मंगळवारी 'मॅजिक फ्लूट'मध्ये, शुक्रवारी 'ला बोएम'मध्ये आणि रविवारी मुलांच्या नाटकात गाईल. सोप्रानो (बायकांचा सगळ्यात उंच आवाज) हे करते, बॅरिटोन करतो. काउंटरटेनर काय करणार? योहान श्ट्राउसच्या 'फ्लेडरमाउस'मधला ओर्लोफ्स्की, ग्लुकचा ऑर्फेओ, बेंजामिन ब्रिटन या संगीतकाराचा ओबेरॉन, की संपली यादी. त्यामुळे फेस्ट क्वचित, बाकी सगळे गेस्ट. गेस्टला बहुतेक ठिकाणी पैसे प्रयोगामागे. पाच-सहा आठवडे तालीम, परक्या गावात भाड्याची खोली, आणि प्रयोगाच्या दिवशी घसा बसला तर त्या रात्रीचे शून्य. वर एजंटचा वाटा. माझ्या ओळखीतल्या एकाने सगळी तालीम केली आणि पहिल्या दोन प्रयोगांना ताप, त्या महिन्यात खोलीचं भाडंच जास्त झालं. कोविडमध्ये तर एका ईमेलवर वर्ष गेलं लोकांचं.

इंग्लंडमध्ये एक खुंटी आहे ती म्हणजे कॅथेड्रल, रोजची संध्याकाळची प्रार्थना, पगार थोडा पण दरमहा. आल्टो म्हणजे परंपरेने पुरुषच. पण तेही आता खुलं झालंय, लंडनच्या सेंट पॉल्समध्ये २०१७ ला पहिली बाई कायमस्वरूपी आल्टो म्हणून आली. छान गाते. म्हणजे मेझो_मी, ऑपेरात आम्ही तुमचं घेतलं असेल तर इकडे तुम्ही आमचं घेताय, फिट्टंफाट.

मेझो_मी

फिट्टंफाट नाही हो. तुमच्याकडे बायकांना आत यायला काही शतकं लागली.

पार्लेकर

अवांतर होतंय तरी लिहितो, कारण मुंबईचा संबंध आहे. बेजून मेहता. नाव ऐकलं असेल नसेल, आपल्या झुबिन मेहतांच्या नात्यातला, पारशी वडील पियानोवादक, जन्म अमेरिकेतला १९६८ चा. लहानपणी बॉय सोप्रानो म्हणून एवढा गाजला की रेकॉर्ड निघाली. मग आवाज फुटला आणि संपलं. येलला जर्मन साहित्य शिकला, बॅरिटोन म्हणून प्रयत्न केले, काही जमेना, रेकॉर्डिंग प्रोड्यूसर झाला, पडद्यामागे बसून दुसऱ्यांचं चांगलं करत राहिला. तिशीच्या तोंडावर काउंटरटेनर करून बघितलं आणि पुढच्या काही वर्षांत जगभरच्या ऑपेरा हाउसमध्ये.

माझा मुद्दा पुढचा आहे. २०१२ ला जॉर्ज बेंजामिनचा 'रिटन ऑन स्किन' हा ऑपेरा आला, त्यातला पोथ्या रंगवणारा मुलगा हा रोल पहिल्यांदा बेजूनने केला. तो हँडेलचा नाही, दुरास्तांतीचा नाही, कोणाच्या ताटातलाही नाही, याच आवाजासाठी लिहिलेला. त्याआधी ब्रिटनचा ओबेरॉन १९६०, आल्फ्रेड डेलर या काउंटरटेनरसाठी. फिलिप ग्लासचा 'आख्नातेन' १९८४ (गांधीजींवर 'सत्याग्रह' नावाचा संस्कृतमधला ऑपेरा लिहिणारा तोच ग्लास, गीतेतले श्लोक घेऊन). 'आख्नातेन'मध्ये राजा बराच वेळ गातच नाही. बाप मरतो, अंत्यविधी होतो, राज्याभिषेक होतो, हा नुसता उभा. २०१९ ला मेटला अँथनी रॉथ कोस्टान्झोने केला तेव्हा स्टेजभर जगलर चेंडू फेकतायत आणि हा अंगावर कपडा नसताना मुंगीच्या चालीने जिना उतरतोय. आणि मग पहिल्या अंकाच्या शेवटी तोंड उघडतो तर हा आवाज. तिथे बाई घातली तर दचका जातो, बॅरिटोन घातला तर सगळंच जातं.

कार्ल्सरूहकर (धागाकर्ता)

पार्लेकर, नव्या संगीताला माझा विरोध कुठे आहे? ज्याच्यासाठी लिहिलंय त्याने गावं, हेच तर मी म्हणतोय आणि त्याच न्यायाने सेस्तो बाईचा. आणि पन्नास-साठ वर्षांत तुम्ही तीन मोजलेत, त्यावर किती जणांची चूल पेटणार?

दोन गोष्टी राहिल्या होत्या. एक, १९९४ चा 'फारिनेल्ली' सिनेमा, त्याच नावाच्या कास्त्रातोवरचा. त्यात कास्त्रातोचा आवाज हवा होता तेव्हा काय केलं? डेरेक ली रॅगिन हा काउंटरटेनर आणि एक पोलिश सोप्रानो, दोघांचं गाणं कॉम्प्युटरवर मिसळलं. म्हणजे एकट्याला झेपलं नाही, बाईची मदत घ्यावी लागली. पुरावा तुमच्याच गोटातून आलाय.

दुसरी जास्त गोड आहे. रेने याकोब्स, बेल्जियमचा, सत्तरच्या दशकातला मोठा काउंटरटेनर, पुढे कंडक्टर झाला. त्याने १९९१ ला 'जुलिओ चेझारे' रेकॉर्ड केला तेव्हा सीझर म्हणून कोणाला घेतलं? जेनिफर लार्मोर. मेझो. सेस्तोही बाई. स्वतः काउंटरटेनर असलेल्या माणसाने सीझर बाईला दिला, आता यावर बोला.

जुनीतबकडी

बोलतो की. १९९१ ला त्याच्यासमोर फाजोली नव्हता, दहा वर्षांचं पोर होतं ते अर्जेंटिनात. तुम्ही जी वर्षं फेकताय, १९९१, १९९४, ती दोन्ही तेव्हाची आहेत जेव्हा काउंटरटेनर म्हणजे चर्चच्या क्वायरमधून आलेला सभ्य माणूस. डेलर तसाच होता, कँटरबरी कॅथेड्रलमध्ये गायचा, मायकेल टिपेटने ऐकून बाहेर आणला, आणि १९४६ ला बीबीसीचं थर्ड प्रोग्रॅम सुरू झालं त्या रात्री पर्सेलचं (जुना इंग्लिश संगीतकार) गाणं गायला. सोनं होतं आवाजाचं, पण ऑपेराचा प्राणी नव्हता, १९६१ ला लंडनच्या कॉव्हेंट गार्डन ऑपेरा हाउसने ओबेरॉनसाठी त्याला वगळून रसेल ओबर्लिनला घेतलं. आताची पोरं पहिल्यापासून ऑपेराचं शिकतात, छातीचा आवाज लपवत नाहीत, स्टेजवर पळतात, उड्या मारतात. याकुब ऑर्लिन्स्की तर ब्रेकडान्सर आहे, २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकच्या उद्घाटनाला भर पावसात गायला आणि नाचला. त्याचा व्हिवाल्डी, तो अर्ध्या चड्डीतला व्हिडिओ, फ्रान्समधल्या एक्स या गावी रेडिओच्या कार्यक्रमात २०१७ ला गायलेला, कोटीच्या वर लोकांनी बघितलाय. त्यातले किती जण आधी व्हिवाल्डीचा ऑपेरा ऐकत होते? ऐकायला लोक आले तर हँडेल दुप्पट होतील, मग मेझोलाही दुप्पट.

मेझो_मी

दुप्पट झाले आणि त्यातलेही तुम्हीच घेतलेत, हा इतिहास आहे.

लंडन_आल्टो

चूल पेटण्याबद्दल एक निरीक्षण. यात जे टिकले ते नुसते गायक राहिले नाहीत. डेलरने स्वतःचा ग्रुप काढला. याकोब्स कंडक्टर. जारूस्कीने २००२ ला स्वतःचा ऑर्केस्ट्रा काढला, नंतर मुलांसाठी अकादमी, आता कंडक्टिंगही. चेंचिच स्वतःच प्रोड्यूसर, दिग्दर्शक, आणि २०२० पासून बायरॉइटचा बरोक महोत्सव चालवतो, कोणालाही माहीत नसलेले पोर्पोरा वगैरे संगीतकार उकरून काढतो आणि त्यात आपल्यासाठी रोल ठेवतो. कोस्टान्झो २०२४ ला फिलाडेल्फिया ऑपेराचा प्रमुख झाला आणि तिकीट ११ डॉलरपासून पुढे तुम्ही ठरवा असं करून टाकलं. फोनची वाट बघत बसणारा यात टिकत नाही कारण फोन करणारी थिएटरंच कमी, स्वतःचं काम स्वतः तयार करावं लागतं. टेनरला हे करावं लागत नाही, तो 'ला बोएम'वर म्हातारा होऊ शकतो.

धागाकर्ते, याला घर चालणं म्हणायचं की दुकान टाकणं ते तुम्ही ठरवा.

सातारची_मामी

मला यातलं फारसं कळत नाही पण विचारते. माझा भाचा म्युनिकला आहे आईबाबांबरोबर, १७ वर्षांचा, शाळेच्या क्वायरमध्ये होता, आवाज फुटला, आता शिक्षक त्याला बॅरिटोन म्हणतात पण हा घरी दार लावून वरचंच गातो आणि म्हणतो काउंटरटेनर होणार. ताई रोज फोनवर रडते. त्याला काय सांगू?

कार्ल्सरूहकर (धागाकर्ता)

इंजिनिअरिंगचा फॉर्म भरायला सांगा 😄

लंडन_आल्टो

मामी, त्यांचं ऐकू नका, महोत्सवात सगळ्यात जोरात टाळ्या हेच वाजवत असणार.

त्याला एवढंच सांगा की बॅरिटोनचं शिक्षण सोडू नको. सतराव्या वर्षी आवाज अजून बसलेला नसतो, वर ढकलत राहिला तर मधली जागा कायमची कच्ची राहते, आणि खालचा आवाज पक्का असेल तरच वरच्याला टेकू मिळतो. शिक्षक असा बघा ज्याने दोन्ही शिकवलंय, आणि जो पहिल्याच महिन्यात "तू पुढचा जारूस्की" म्हणेल त्याच्याकडून उठून या. इटालियन आत्तापासून. नोटेशन बघून लगेच गाता आलं पाहिजे, क्वायर आणि चर्चची बारीकसारीक कामं त्यावरच मिळतात आणि पहिली काही वर्षं भाडं त्यातूनच निघतं. हार्पसिकॉर्डवर साधे कॉर्ड धरता आले तर उत्तम.

कॉलेजचे प्रवेश साधारण विशीच्या आसपास, तोपर्यंत तीनेक वर्षं आहेत. आणि ताईंना सांगा दार उघडं ठेवून गाऊ दे त्याला, बंद खोलीत माणूस फार जोर लावतो.